गोडा मसाला आणि मोरोक्कोचे कालवण : कोकण किनाऱ्यावरील पाकशब्दांचा ऐतिहासिक विचार

१. प्रश्नाचे स्वरूप

रत्नागिरीहून किनाऱ्याच्या वाटेने गणपतीपुळ्याकडे निघाले म्हणजे आरे आणि वारे ही दोन गावे लागतात. रस्ता डोंगराच्या कडेने जातो आणि खाली दोन पुळणी व त्यांच्यापुढे उघडा समुद्र दिसतो. आज या ठिकाणी बंदर नाही आणि व्यापाराच्या इतिहासातही या दोन गावांना स्वतंत्र स्थान नाही. तथापि त्यांच्यासमोरचा जो जलमार्ग आहे, तो आखाती देश, अरबस्तान, गुजरात आणि मलबार यांना जोडणारा असल्यामुळे हजारो वर्षे गजबजलेला होता. या मार्गाने माल गेला, माणसे आली, आणि मालाबरोबर व माणसांबरोबर शब्दही गेले व आले. मालाचा हिशेब इतिहासकारांनी बराचसा मांडला आहे. शब्दांचा हिशेब मात्र, विशेषतः स्वयंपाकघरातील शब्दांचा, अद्याप पुरता मांडला गेलेला नाही.

या हिशेबाची एक बाजू तपासण्यासाठी येथे मोरोक्कोतील एक घरगुती पदार्थ उदाहरण म्हणून घेतला आहे. कोंबडीचे तुकडे, कांदा, सुंठ, मिरी, दालचिनी व केशर यांत मंद आचेवर शिजवावयाचे, त्यात जर्दाळू किंवा सुकवलेले आलुबुखार, मध आणि वरून तळलेले बदाम घालावयाचे, असा हा पदार्थ आहे. मराठी माणसास त्याचे वर्णन ऐकविले असता त्याच्या तोंडून पहिला उद्गार बहुधा असा निघतो, की कोंबडीत गोड कसे चालेल? मांसाच्या कालवणात गोड घालणे हे त्याला परके वाटते. हा परकेपणा खरोखर किती जुना आहे, तो जिभेचा आहे की समाजरचनेचा, आणि ज्या शब्दांनी हा पदार्थ सांगावा लागतो ते शब्द तरी परके आहेत काय, हे तीन प्रश्न प्रस्तुत विवेचनाचा विषय होत.

२. पदार्थ आणि त्याची नावे

मोरोक्कोत या प्रकारच्या कालवणास ‘ताजीन’ म्हणतात. मुळात हे भांड्याचे नाव आहे. उथळ मातीचे पात्र आणि त्यावर शंकूसारखे उंच झाकण, असे हे भांडे कोळशाच्या शेगडीवर ठेवतात. वाफ झाकणाच्या उतारावर निवते आणि थेंबाथेंबाने पुन्हा खाली उतरते, त्यामुळे पाणी फारसे न घालता मांस स्वतःच्या व कांद्याच्या रसातच शिजते. ‘ताजीन’ हा अरबी शब्द ग्रीक ‘तागेनोन’ म्हणजे तळण्याचे पसरट पात्र, यावरून आलेला आहे. भांड्याचे नाव भांड्यात शिजणाऱ्या अन्नास मिळावे, हा प्रकार भाषेच्या अभ्यासकांस परिचित आहे.

रत्नागिरीच्या एखाद्या घरी हा पदार्थ करावयाचा झाल्यास साहित्यासाठी कोठे लांब जावे लागत नाही. सुमारे १ किलो कोंबडीस २ मोठे कांदे बारीक चिरून किंवा किसून घ्यावेत. चमचाभर सुंठ, अर्धा चमचा मिरपूड, दालचिनीचा एक तुकडा, चिमूटभर केशर व मीठ एवढा मसाला पुरतो. तेलावर कांदा व मसाला परतून त्यात कोंबडी घोळवावी, वाटीभर पाणी घालून झाकण ठेवावे आणि पाऊण तास ते एक तास अगदी मंद आचेवर ठेवावे. जाड बुडाचे पातेले चालते. मातीचे भांडे असल्यास अधिक चांगले. शंभर ग्रॅम जर्दाळू आधी कोमट पाण्यात भिजवून, ते दोन चमचे मध व चिमूटभर दालचिनीची पूड यांसह वेगळे शिजवावेत आणि शेवटी कोंबडीवर घालावेत. मूठभर बदाम तळून व थोडे तीळ भाजून वर पसरावेत. मिरचीचे त्यात नाव नाही. तिखटपणा आहे तो सुंठ व मिरी यांचाच. आंबट काही नको असे नाही; मिठात मुरविलेल्या लिंबाची फोड मोरोक्कोतील दुसऱ्या प्रकारच्या ताजीनमध्ये हटकून असते.

आता या साहित्याची नावे पाहावीत. मोरोक्कोच्या बोलीत सुंठेस ‘स्किंजबीर’ म्हणतात आणि शिष्ट अरबीत ‘झंजबील’. कुराणात स्वर्गीय पेयाच्या वर्णनात झंजबिलाचा उल्लेख एकदा आलेला आहे. हा शब्द मूळचा अरबी नव्हे. संस्कृत ‘शृंगवेर’ व पाली ‘सिंगिवेर’ ही त्याची आपल्याकडील रूपे होत, आणि त्यांच्याही मागे द्राविडी मूळ असावे असे अभ्यासक मानतात. ग्रीकांचा ‘झिंगिबेरिस’ आणि अरबांचा ‘झंजबील’ ही याच वृक्षाची पाने. मराठीने मात्र ‘शृंगवेर’ सोडून दिला; ओल्या कंदास तिने ‘आर्द्रक’ यावरून ‘आले’ आणि वाळलेल्यास ‘शुंठी’ यावरून ‘सुंठ’ असे म्हटले. म्हणजे आपल्या देशातील एक शब्द आपल्या तोंडी उरला नाही, परंतु तो अटलांटिक महासागराच्या काठी अजून दररोजच्या वापरात आहे.

मिरीसाठी अरबीत ‘फिल्फिल’ हा शब्द आहे. तो संस्कृत ‘पिप्पली’ यावरून फारसीच्या मार्गाने गेला. मराठीत ‘पिंपळी’ हा शब्द लांबट मिरीपुरता राहिला. साखरेच्या बाबतीत तर मार्ग सर्वांस ठाऊक आहे. ‘शर्करा’ यावरून प्राकृत ‘सक्करा’ व मराठी ‘साखर’ झाली. तीच फारसीत ‘शकर’, अरबीत ‘सुक्कर’ आणि अरबांनी उसाची लागवड स्पेनमध्ये नेल्यावर स्पॅनिशमध्ये ‘असुकार’ झाली. ‘खंड’ या शब्दापासून अरबी ‘कंद’ झाला, आणि तोच पुढे ‘गुलकंद’ या समासात बसून मराठीत परत आला. ‘गुलकंद’ हा शब्द कोशात परभाषिक म्हणून दाखविला जातो, आणि ते चूकही नाही. पण त्याचा उत्तरार्ध माहेरी परतलेला आहे, ही गोष्ट त्या नोंदीवरून समजत नाही.

उलट दिशेने आलेले शब्दही तितकेच आहेत. ‘दालचिनी’ म्हणजे फारसी ‘दार-ए-चीनी’, चीनचे लाकूड. ‘जर्दाळू’ म्हणजे ‘जर्द’ पिवळा व ‘आलू’ आलुबुखार. ‘आलुबुखार’ म्हणजे बुखारा प्रांताचा आलू. ‘बदाम’ फारसी, ‘बेदाणा’ म्हणजे बी नसलेला, हाही फारसी. आणि तरी बेदाणा आज सांगली व तासगाव येथील बाजारात इतका रुळला आहे, की त्या शब्दास परका म्हणणाराच तेथे परका ठरेल.  ‘मसाला’ हा शब्द अरबी ‘मसालिह’ यावरून आलेला आहे. ते ‘मसलहत’ म्हणजे हिताची गोष्ट या अर्थाच्या शब्दाचे अनेकवचन असून, पदार्थास हितकर अशी द्रव्ये हा त्याचा पाकशास्त्रातील अर्थ होय. मोरोक्कोत मसाल्याच्या उत्तम मिश्रणास ‘रास अल्-हानूत’ असे म्हणतात. त्याचा शब्दार्थ ‘दुकानाचा माथा’, म्हणजे दुकानातील सर्वांत चांगला माल.

३. एका मोरोक्कोवासीयाची साक्ष

या दोन किनाऱ्यांमध्ये शब्दांच्या पलीकडे प्रत्यक्ष साक्षीचा धागा आहे काय, असे विचारल्यास एक नाव पुढे येते. तांजा येथे १३०४ साली जन्मलेला इब्न बतूता १३२५ साली प्रवासास निघाला, १३३३ च्या सुमारास सिंधूच्या काठी पोहोचला, दिल्लीस काजी झाला आणि १३४२ साली महंमद तुघलकाचा वकील म्हणून चीनकडे निघाला. त्याच्या प्रवासवृत्ताचे लेखन फेझ येथे इब्न जुझय याने १३५५ साली पुरे केले. या प्रवासात तो दौलताबादेहून नंदुरबारमार्गे खंबायतच्या आखाताकडे गेला आणि तेथून जहाजाने दक्षिणेस वळला.

नंदुरबारच्या संदर्भात त्याने मराठ्यांविषयी लिहिले आहे. हे लोक कलाकुसरीत निपुण आहेत, त्यांच्यात वैद्य व ज्योतिषी आहेत, त्यांतील प्रतिष्ठित लोक ब्राह्मण व क्षत्रिय आहेत, त्यांचे अन्न भात, भाज्या व तिळाचे तेल एवढेच असून प्राण्यांस पीडा देणे व मारणे त्यांस रुचत नाही, असे तो सांगतो. मराठी मुलखातील आहाराविषयी परदेशी पाहुण्याने दिलेली ही जुनी नोंद म्हणून तिचे मोल मोठे आहे. परंतु तिचा अर्थ लावताना सावधगिरी हवी. ही नोंद ‘प्रतिष्ठित’ लोकांविषयी आहे. सर्व समाजाविषयी नाही. शिवाय प्रतिष्ठितांविषयीही ती सर्व काळास लागू नाही. कल्याणीचा चालुक्य राजा तिसरा सोमेश्वर याने शके १०५१ म्हणजे इसवी सन ११२९ च्या सुमारास रचलेल्या ‘मानसोल्लास’ ग्रंथातील अन्नभोगाच्या प्रकरणात मांडे, पुऱ्या, वडे व घारगे यांच्या बरोबरीने मांसाचे अनेक प्रकार तपशिलाने सांगितले आहेत. दोन शतकांच्या अंतरावरील या दोन साक्षींतील भेद एका राजाच्या पाकशाळेचा व एका व्यापारी गावातील सुस्थित घरांचा आहे. महाराष्ट्राचा आहार एकच होता, असे कोणत्याही एका साक्षीवरून म्हणता येत नाही.

घोघ्याहून निघालेले त्याचे जहाज तीन दिवसांत संदापूर म्हणजे गोवा येथे पोहोचले, असे तो लिहितो. मधल्या किनाऱ्यावरील एकाही बंदराचे नाव त्याच्या वृत्तांतात नाही. आरे-वारेचा समुद्र त्याने ओलांडला, पण ही भूमी त्याने दुरूनच पाहिली असेल. पुढे हिनौर, म्हणजे होन्नावर, येथे तो सुलतान जमालुद्दीन मुहम्मद याचा पाहुणा झाला, आणि तेथील जेवणाचे त्याने केलेले वर्णन कोकण व कानडा किनाऱ्याच्या पाकेतिहासात अतिशय महत्त्वाचे आहे.

प्रथम तांब्याच्या पळीने भात वाढला जाई, त्यावर तूप. सोबत मिठात मुरविलेले मिरीचे घोस, ओले आले, लिंबे व आंबे. एकेका घासाबरोबर ही लोणची चाखीत भात खावयाचा. तो संपला की दुसरी पळी भात आणि त्याबरोबर शिजविलेली कोंबडी. मग पुन्हा भात व दुसऱ्या प्रकारची कोंबडी. त्यानंतर निरनिराळे मासे, नंतर तुपात शिजविलेल्या भाज्या व दुधाचे पदार्थ, आणि सर्वांच्या शेवटी दही. पिण्यास ऊन पाणी, कारण पावसाळ्यात गार पाणी बाधते. हा क्रम वाचताना कोकणातील वाचकास अनोळखी असे काही वाटत नाही. भातावर आरंभी तूप आणि अखेरीस दह्याताकाचा भात, ही चौकट आजही तशीच आहे. इब्न बतूता मात्र या भाताने कंटाळला. या सुलतानाकडे दुसऱ्या खेपेस आपण अकरा महिने राहिलो आणि त्या काळात भाकरीचा तुकडाही पाहिला नाही, असे तो लिहितो. पुढे मालदीव, सिंहल व मलबार येथील तीन वर्षांच्या अखेरीस तर पाण्याच्या घोटाशिवाय भात गळ्याखाली उतरेनासा झाला, अशी त्याची तक्रार आहे.

या वर्णनात दोन गोष्टी लक्षात घेण्यासारख्या आहेत. पहिली अशी, की हिंदुस्थानातील फळांविषयी लिहिताना कच्चा आंबा येथील लोक मिठात मुरवितात, ‘आमच्या देशात लिंबे मुरवितात तसा’, अशा आशयाची तुलना त्याने केली आहे. मोरोक्कोतील मुरलेले लिंबू आणि आपले लोणचे यांचे सादृश्य आज प्रथमच कोणास सुचलेले नाही. सहा शतकांपूर्वीच ते एका तांजावासीयाच्या ध्यानात आले होते. आपला ‘लोणचे’ हा शब्दही ‘लवण’ यावरूनच आला आहे, म्हणजे शब्दाची साक्षही मिठाचीच आहे. दुसरी गोष्ट अशी, की या पानावर मिरची नाही. अमेरिकेतून निघालेली मिरची पोर्तुगीजांनी १५१० साली गोवा घेतल्यानंतरच्या काळात या किनाऱ्यावर रुजली. त्यापूर्वीचा तिखटपणा मिरी, पिंपळी व आले यांचा होता. मोरोक्कोतही मिरची पोहोचली, परंतु गोड कालवणाच्या या घराण्यात तिला प्रवेश मिळाला नाही. तेव्हा जर्दाळूच्या ताजीनमधील तिखटपणाची जात ही कोकणातील मिरचीपूर्व कालवणाच्या तिखटपणाची जात आहे, असे अनुमान करण्यास जागा आहे. हे साम्य मसाल्याचे होय, गोडाचे नव्हे. कोंबडीत मध किंवा फळे घातल्याचा उल्लेख होन्नावरच्या वर्णनात कोठेही नाही.

४. किनाऱ्याचा खरा संबंध

इब्न बतूताच्या साक्षीवरून कोकण व मोरोक्को यांचा थेट संबंध जोडण्याचा मोह होतो. तो आवरला पाहिजे. कोकणच्या किनाऱ्याचे नाते होते ते आखात, ओमान व येमेन यांच्याशी. अल्-मसूदी हा हिजरी ३०४ मध्ये, म्हणजे इसवी सन ९१६ च्या सुमारास, सैमूर म्हणजे चौल येथे आला, तेव्हा तेथे सिराफ, ओमान, बसरा व बगदाद येथून आलेल्या आणि येथेच जन्मलेल्या मिळून सुमारे १०,००० मुसलमानांची वस्ती असल्याचे त्याने नोंदविले आहे. राष्ट्रकूट राजा तिसरा इंद्र याच्या काळातील शके ८४८, म्हणजे इसवी सन ९२६ च्या चिंचणी ताम्रपटात संजानच्या प्रदेशावर ताजिक म्हणजे अरब जातीचा मधुमती उर्फ मुहम्मद हा अधिकारी नेमलेला दिसतो. पुढे दाभोळ हे बहमनी काळातील मोठे बंदर झाले. पंधराव्या शतकातील रशियन व्यापारी अफानासी निकितिन याने तेथे मिसर, अरबस्तान व खुरासान येथून घोडे येत असल्याचे लिहिले आहे. कोकणी मुसलमान आजही शाफई पंथाचे आहेत, आणि होन्नावरचे लोकही शाफई असल्याचे इब्न बतूता सांगतो. तो स्वतः मात्र मोरोक्कोत रूढ असलेल्या मालिकी पंथाचा होता. धर्मशास्त्राची ही वंशावळ व्यापाराच्या मार्गाशी बरोबर जुळते.

शब्दांची साक्षही हेच सांगते. रत्नागिरीच्या किनाऱ्यावर जहाजाच्या प्रमुखास ‘नाखवा’ म्हणतात. हा फारसी ‘नाव-खुदा’, नावेचा धनी. आणि त्यातील ‘नाव’ हा अंश संस्कृत ‘नौ’ या शब्दाचा सख्खा भाऊ आहे. ‘बंदर’, ‘दर्यावर्दी’, ‘खलाशी’, ‘तुफान’, ‘मोसम’ हे सर्व शब्द याच मार्गाने आले. ग्रिअर्सनच्या भाषासर्वेक्षणाच्या सातव्या खंडात (१९०५) कोकणातील ज्या बोलींची नोंद आहे, तींत संगमेश्वरी व बाणकोटी यांचा अंतर्भाव होतो. हिंदू व मुसलमान या दोहोंच्या बोली या किनाऱ्यावर एकाच मराठी कुळातील आहेत, आणि समुद्राचे शब्द दोघांचेही सामाईक आहेत.

मग गोड व मसालेदार मांसाच्या कालवणाचे मूळ कोठे? ते बगदादच्या व त्यामागे इराणच्या पाकशाळेत शोधावे लागते. दहाव्या शतकातील अल्-वर्राक आणि १२२६ मधील अल्-बगदादी यांच्या अरबी पाकग्रंथांत ‘झीरबाज’, ‘सिकबाज’, ‘मिश्मिशिया’ असे पदार्थ आहेत. पहिल्या दोन नावांतील ‘बाज’ हा अंश फारसी ‘बा’ म्हणजे कालवण याचे अरबी रूप आहे. ‘झीरा-बा’ म्हणजे जिऱ्याचे कालवण, ‘सिक-बा’ म्हणजे शिरक्याचे. ‘मिश्मिशिया’ हे जर्दाळूचे कालवण, कारण अरबीत जर्दाळूस ‘मिश्मिश’ म्हणतात. ही परंपरा पश्चिमेस अंदालुसिया व मोरोक्को येथे गेली. तेराव्या शतकातील इब्न रझीन अत्-तुजीबी याच्या ग्रंथात तिचे पश्चिमेकडील रूप पाहावयास मिळते. तिचाच दुसरा प्रवाह इराणी संस्कारातून पूर्वेस आला. मुंबईच्या पारशी घरांतील ‘जर्दाळू मा मरघी’ हा पदार्थ त्याचा जिवंत नमुना होय. जर्दाळू, दालचिनी, आले आणि थोडा गोडवा यांत शिजविलेली ही कोंबडी फेझच्या ताजीनशेजारी ठेवली, तर बहिणी ओळखण्यास वेळ लागणार नाही. म्हणजे ज्या कालवणास मराठी माणूस परके म्हणतो, त्याचे निकटचे नातलग महाराष्ट्राच्या राजधानीत पिढ्यान्‌पिढ्या नांदत आहेत.

५. गोडा मसाला

तरीही मूळ प्रश्न उरतोच. मराठी स्वयंपाकाने मांसात गोड का स्वीकारले नाही? गोड, आंबट व मसाला यांचा मेळ मराठी जिभेस मान्य नाही असे म्हणावे, तर रोजच्या आमटीचे काय? तुरीच्या वरणात चिंच किंवा आमसूल, गूळ आणि गोडा मसाला घालून केलेली आमटी हे या तिन्हींच्या मेळाचे उत्तम उदाहरण आहे. ‘आमटी’ हे नाव आंबटपणावरून पडले. ‘गोड’ हा शब्द ‘गुड’ म्हणजे गूळ याच कुळातील. आणि ‘मसाला’ अरबी. गोड्या मसाल्यात धने, जिरे, तीळ, सुके खोबरे, दालचिनी, लवंग, तमालपत्र, नागकेशर व दगडफूल असतात. गूळ किंवा साखर नसते. तिखट मसाल्याहून सौम्य व सुवासिक म्हणून तो गोडा. ‘गोडा मसाला’ या दोन शब्दांत उसाच्या देशाचा एक आणि बंदरातून आलेला एक, असे दोन इतिहास शेजारी बसलेले आहेत, आणि बोलणाऱ्यास त्यांतील सांधा जाणवतही नाही.

ताजीन व आमटी यांची तुलना केली असता असे दिसते, की मेळाचे तत्त्व एकच आहे; भेद आहे तो ज्यावर तो मेळ बसविला त्या वस्तूचा. तेथे मांस, येथे डाळ. आणि या भेदाचे कारण जिभेपेक्षा चुलीच्या विभागणीत अधिक सापडते. चिंचगुळाची आमटी व गोडा मसाला यांची घडण प्रामुख्याने शाकाहारी घरांत झाली. कोंबडी-वडे किंवा वडे-सागोती ज्या घरांत होत, ती कुणबी, मराठा, भंडारी इत्यादी समाजांची घरे निराळी. तेथे भाजलेल्या खोबऱ्याचे वाटण व तिखट मसाला यांची परंपरा वाढली. एकाच गावात या दोन चुली शेजारी असत, पण एकीवरचे अन्न दुसरीकडे जात नसे, आणि अन्न जात नाही तेथे पाकविद्याही जात नाही. गोडास मात्र दोन्ही घरांत मज्जाव नव्हता. नारळाच्या दुधात गूळ घालून केलेले शिरवाळे, मुसलमान घरांतील शीरखुर्मा, हे पदार्थ हेच सांगतात. शीर म्हणजे दूध व खुर्मा म्हणजे खजूर. तेव्हा खजूर या किनाऱ्यावर भरपूर होता, पण तो मांसाच्या भांड्यात न जाता दुधाच्या भांड्यात गेला. मराठी पाकग्रंथांतही ही विभागणी हळूहळूच ओलांडली गेली. रामचंद्र सखाराम गुप्ते यांचे ‘सूपशास्त्र’ १८७५ साली प्रसिद्ध झाले; १९१० साली लक्ष्मीबाई धुरंधर यांनी ‘गृहिणीमित्र अथवा हजार पाकक्रिया’ हा ग्रंथ काढला, त्यात मांसाहारी पाकक्रियांसही शाकाहारी पाकक्रियांच्या बरोबरीने स्थान मिळाले.

म्हणून ‘कोंबडीत गोड चालत नाही’ या उद्गारास मराठी रुचीचा शाश्वत नियम मानणे युक्त नव्हे. तो समाजाच्या एका जुन्या मांडणीचा अवशेष आहे.

६. शब्दांची शुद्धी आणि स्वयंपाकघर

या विवेचनाचा भाषेच्या एका मोठ्या वादाशी संबंध येतो, आणि तो वादही रत्नागिरीशी जोडलेला आहे. शिवाजी महाराजांच्या राज्याभिषेकाच्या (१६७४) सुमारास ‘राजव्यवहारकोश’ तयार झाला आणि राज्यकारभारातील फारसी-अरबी शब्दांस संस्कृत पर्याय सुचविले गेले. त्यात भोग्यवर्ग म्हणून एक स्वतंत्र वर्गही आहे. पुढे विनायक दामोदर सावरकर हे १९२४ ते १९३७ या काळात रत्नागिरीत स्थानबद्ध असताना त्यांनी भाषाशुद्धीची चळवळ चालविली. माधवराव पटवर्धन यांनी १९२५ साली ‘फार्शी-मराठी कोश’ सिद्ध केला आणि पुढे तेच भाषाशुद्धीचे समर्थक झाले, ही गोष्ट मराठी भाषेच्या अभ्यासकांस विदित आहे. या प्रयत्नांतून कचेरी, सभा व मुद्रण यांच्या क्षेत्रात ‘दिनांक’, ‘महापौर’ यांसारखे कित्येक शब्द रुजले व त्यांनी मराठीस समृद्ध केले, हे मान्य केले पाहिजे.

परंतु स्वयंपाकघरात ही शुद्धी पोहोचली नाही. मसाला, दालचिनी, बदाम, जर्दाळू, बेदाणा, गुलकंद हे शब्द जसेच्या तसे राहिले. याचे कारण स्त्रियांचे अज्ञान किंवा परंपरेची जडता असे कोणी सांगेल, तर ते पटण्यासारखे नाही. कचेरीतील शब्द हुकुमाने आलेले होते, म्हणून ते हुकुमाने बदलता आले. स्वयंपाकघरातील शब्द वस्तूला चिकटून, हातावरून हातावर आले. ‘जर्दाळू’ हा शब्द काढून टाकल्यास त्या फळासाठी घरातल्या कोणापाशीही दुसरे नाव नाही. दुसरे कारण अधिक मूलगामी आहे. शुद्धीसाठी स्वकीय व परकीय अशी रेघ आखावी लागते, आणि या क्षेत्रात ती रेघ सरळ आखताच येत नाही. ‘गुलकंद’ परका म्हणावा, तर त्यातील ‘कंद’ खंडाचा पुत्र आहे. ‘नाखवा’ परका म्हणावा, तर त्यातील ‘नाव’ वेदकाळापासून आपल्या भाषेत आहे. ‘झंजबील’ अरबी म्हणावा, तर तो आपण टाकून दिलेला शब्द आहे. अरबांच्या ‘तमर-हिंदी’ या शब्दात, म्हणजे ‘हिंदचा खजूर’ या नावात, त्यांनी आपली चिंच आपल्या देशाच्या नावानेच ओळखली. आणि त्या शब्दावरून युरोपने तिला नाव दिले. मोल्सवर्थने आपल्या कोशात (१८३१, दुसरी आवृत्ती १८५७) शब्दांपुढे मूळ भाषेची खूण कंसात घालण्याची पद्धत ठेवली. ती पद्धत उपयुक्तच आहे; पण ती खूण शब्दाचे शेवटचे बंदर दाखविते, त्याचा सगळा प्रवास दाखवीत नाही.

अर्थात यावरून सर्व शब्द सर्वांचे आहेत, असा सोपा निष्कर्ष काढणेही बरोबर नाही. मूळ कोठले, मधले थांबे कोणते, आणि कोणत्या शतकात कोणते ध्वनिपरिवर्तन झाले, हे ठरविणे भाषाशास्त्राचे कामच आहे. अरबी ‘सुक्कर’ व मराठी ‘साखर’ यांचे मूळ एक असले, तरी दोघांचे मार्ग निरनिराळे आहेत; मराठी शब्द प्राकृतातून घरच्या वाटेने आला, तो अरबीतून आलेला नाही. व्युत्पत्ती सांगताना जी काटेकोर शिस्त लागते, तीच पदार्थांचे नाते सांगतानाही लागते.

७. उपसंहार

या शिस्तीने पाहता पुढील गोष्टी सांगता येतात. मोरोक्कोचे गोड-मसालेदार कालवण कोकणात आले, किंवा कोकणातून तेथे गेले, असे मानण्यास आधार नाही. त्याचा वंश इराण व बगदाद येथील पाकशाळांत आहे, आणि त्याच वंशाची एक शाखा मुंबईच्या पारशी घरांत आहे. कोकणच्या किनाऱ्याचा त्यातील वाटा द्रव्यांचा व शब्दांचा आहे. आले, मिरी व साखर यांची नावे या देशातून निघून तांजाच्या बाजारापर्यंत पोहोचली. उलट, कोकणच्या स्वयंपाकाने त्या बाजूने आलेली द्रव्ये व त्यांची नावे घेतली, आणि गोड-आंबट-मसाल्याचा मेळ स्वतःच्या समाजरचनेप्रमाणे डाळीवर बसविला. आमटी व ताजीन या एकमेकींच्या लेकी नव्हेत. एकाच व्यापाराच्या छायेत दोन निरनिराळ्या घरांत वाढलेल्या त्या दोन रीती आहेत.

अभ्यासाच्या दृष्टीने यातून एक काम पुढे येते. कोकणातील पाकशब्दांचा संग्रह गावनिहाय व समाजनिहाय व्हावयास हवा. भांडी बदलली, मातीची खापरे जाऊन ॲल्युमिनियम व पोलाद आले, वाटण पाट्यावरून यंत्रात गेले; त्याबरोबर भांड्यांची, क्रियांची व चवींची कित्येक नावे वापरातून जात आहेत. आरे-वारेसारख्या गावांतील वृद्ध स्त्रियांच्या बोलण्यात ती अजून सापडतात. हिंदू व मुसलमान, कुणबी, भंडारी व ब्राह्मण या सर्व घरांतील शब्द एकाच सूचीत शेजारी मांडले गेले, तर चुलींमधील जुन्या भिंती कोठे होत्या आणि शब्द त्या भिंतींना न जुमानता कोठून गेले, हे त्या सूचीतूनच दिसेल. हे काम ग्रंथालयात बसून होणारे नाही, आणि फार काळ थांबणारेही नाही.